कुसळाचं शेपूट

टाकळवाडीत दैवशालाचं घर कोणतं, हे विचारत बसावं लागत न्हाई. वाटूर फाट्यावर उतरायचं, जीपवाल्याला म्हणायचं, गवतवाल्या बाईकडं जायचंय. तो बराबर दारात नेऊन सोडतो. तिचा थोरला भाऊ रामराव हे सगळ्यांना सांगतो. आता रामरावाचं सांगणं म्हंजे गावाला म्हाईतच हाय. त्याच्या विहिरीचं पाणी तालुक्यात सगळ्यात गोड, त्याचा बैल परतूरच्या बाजारात सगळ्यात उंच, आन सातवीच्या परीक्षेत त्याला पडलेले मार्क तर अजून वाढून राह्यलेत. पण बहिणीचं तो सांगतो त्यात एक दाणा बी वाढीव न्हाई. झालं तर कमीच पडतं. कारण तिनं जे केलं ते त्यानं पालथं पडून, जमिनीला गाल लावून, स्वतःच्या डोळ्यानं पाह्यलंय.

दैवशालाला जाफराबादकडं दिल्ती. नवरा गेला तेव्हा लेक आकांक्षा चार वर्षांची होती. लेकराला कडेवर घेऊन ती माहेरी आली, त्याला अठरा वर्षं झाली. रामराव अंगणात उभा राहून म्हणाला, "घर तुझंच हाय बाई. बस आता निवांत."

ती म्हणाली, "बसायला न्हाई आले, दादा. गोठ्याची एक बाजू दे मला."

त्या एका बाजूला तिनं एक म्हैस बांधली. मंग दोन. रान तर तिच्या नावानं वीतभर बी न्हवतं. चारा आणायचा कुठून? गावाच्या वरच्या अंगाला गायरानाचा माळ हाय, बारा एकर. गाव त्याला बोडका माळ म्हणतं. म्हाताऱ्या माणसांच्या आठवणीत तिथं कुसळीचं गवत मांडीला लागायचं. मंग ढोरं वाढली, रस्ते आले, वरची माती खरवडून गेली आन उरला लाल मुरूम. उन्हाळ्यात तिथून नुसतं चाललं तरी चप्पल गरम व्हायची. त्या माळाच्या पलीकडं मात्र एक कडा हाय, अशी उभी की शेळी बी विचार करून पाय टाकती. तिथं कुसळी टिकून राह्यली होती. दैवशाला रोज माळ ओलांडून त्या कड्याला जायची आन भारा घेऊन यायची.

भावाच्या घरचं गाडीभर गवत असून ती कड्याला का जाती, हे रामरावाची बायको पुष्पाबाईला कधी कळलं न्हाई. पण गवत कसं कापावं हे पुष्पाबाई सुद्धा तिच्याकडूनच शिकली. दैवशाला ठोंब मुळासकट कधी खरडायची न्हाई. खाली चार बोटं सोडायची. म्हणायची, "वहिनी, ह्याचा जीव ह्या बुडाच्या मुंडीत असतो. मुंडी ठेवली की पुढल्या साली ह्यो आपल्याला ओळखतो." भादव्यापर्यंत हिरवं कापून म्हशींना. एकदा कुसळं आली की ढोरांच्या तोंडाला टोचतात, मंग ते वाळलेलं गवत गोठा शाकारायला, कडब्याची गंजी झाकायला. तिनं शाकारलेल्या गंजीतून थेंब आत जायचा न्हाई. ह्या गवतावर दोन म्हशी उभ्या राह्यल्या, म्हशींवर आकांक्षा शिकली, आन आज जालन्याला दवाखान्यात पांढरे कपडे घालून नर्स हाय. कड्यावरच्या गवताची नर्स, असं रामराव म्हणतो.

मंग परवाच्या साली ग्रामसभेत विषय निघाला. सरपंच साहेबराव म्हणाले, बोडक्या माळाचा मुरूम रस्त्याला द्यायचा. माळ खोदायचा, पुरा, कड्यापर्यंत.

दैवशाला मागं बायकांत बसलेली होती. ती उठून एवढंच म्हणाली, "कडा बी जाईल मंग. खालून माळ काढला तर वरचं कशावर थांबंल?"

"दैवशालाबाई," साहेबराव म्हणाले, "तुमचे चार भारे गवत आन गावाचा रस्ता, ह्यात मोठं काय? माळावर उगवतं का काही? एक काडी दाखवा."

बहिणीला भर सभेत असं बोललेलं रामरावाला सहन झालं न्हाई. तो उठला. उठायच्या आधी विचार करायची त्याला सवय न्हाई. "काडी काय दाखवायची? माझी बहीण पुरा माळ हिरवा करून दाखवती. दोन पावसाळे द्या. न्हाई झाला तर ह्यो रामराव सोता पहिलं टोपलं मुरूम भरून तुमच्या ट्रॅक्टरात टाकतो."

सभा हसली. साहेबरावांनी ग्रामसेवकाला सांगितलं, "लिहा. टोपल्यासकट लिहा."

दैवशाला सभेतून तडक गोठ्याकडं निघाली. गोठ्यात गेल्यावर म्हणाली, "दादा, मला विचारलं असतंस तर?"

"तुला जमणार न्हाई काय?"

"मला कापायला येतं. पेरलं म्या कधी?"

"पेरायचं माझ्यावर सोड. तीस वर्षं पेरून राह्यलो."

तर पहिल्या साली पेरणी रामरावाच्या हातानं झाली. कार्तिकात कड्यावर कुसळं पिकली तेव्हा दोघांनी मिळून पाच पोती जमवली. ज्यानं कुसळं बघितली न्हाईत त्याला सांगायला पाहिजे. ते बी म्हंजे ज्वारीसारखं गोल न्हाई. खाली टोकदार, सुईसारखं. त्याच्यावर तांबूस लव. आन मागं बोटभर लांब काळं शेपूट, दोरीसारखा पीळ दिलेलं. शंभर कुसळं एका जागी आली की शेपटांची आपसात वेणी पडती, मंग ब्रह्मदेव आला तरी सुटत न्हाई. रामरावानं पोत्यात हात घातला, तर हातात एक मोठं गाठोडं आलं आन दहा बोटांत दहा कुसळं घुसली.

"असलं बियाणं असतं का कुठं?" तो म्हणाला. "हे साफ केल्याबिगर पेरता यायचं न्हाई."

खळ्यावर पसरून त्यानं वरून ट्रॅक्टर फिरवला. शेपटं तुटली. मंग चाळलं, उफणलं. पाच पोत्यांचं एक पोतं झालं, पण बी कसं, मुठीतून सळसळ सुटणारं. रामरावानं ते परतूरच्या दुकानदाराला दाखवलं, वाटूरच्या हॉटेलात दाखवलं, साहेबरावांना तर घरी जाऊन दाखवलं. जेठात सगळा माळ फिरून मूठ मूठ फेकला. दैवशाला मागून चालत होती. तिला काहीतरी चुकतंय असं वाटत होतं, पण काय ते सांगता येत न्हवतं.

पाऊस चांगला झाला. त्या मुरमावर बी नुसतंच पडून होतं, टणक पाटावर टाकल्यासारखं. निम्मं पाण्यासंगं ओघळीत वाहून गेलं. जे राह्यलं ते मुंग्यांनी रांगा लावून नेलं. श्रावण सरला तरी माळ जसा होता तसा, लाल आन बोडका. साहेबराव चावडीपुढं भेटले की म्हणायचे, "रामराव, टोपलं धुऊन ठेवा. मातीचं असंल तर फुटंल, लोखंडाचं घ्या."

रामराव त्या दिवसांत हॉटेलात जाईना झाला. पुष्पाबाई म्हणाली, घरात असा गप माणूस पहिल्यांदाच बघून राह्यले. आन त्याला खरा घोर स्वतःच्या शब्दाचा न्हवता. बहीण सतरा वर्षं कुणापुढं हात न पसरता जगली, तिचा कडा आपल्या तोंडापायी जाणार, हे त्याला खाऊन राह्यलं होतं.

भादव्यात एका दुपारी तो तिला शोधत माळावर गेला. माफी मागायला गेल्ता, असं तो आजपर्यंत कबूल करत न्हाई. पाणी प्यायला गेल्तो म्हणतो. माळाच्या निम्म्यात, पायवाटेच्या कडेला एक मोठा धोंडा हाय. दैवशाला तिथं भारा टेकवून बसली होती. तो बी शेजारी टेकला. तिनं पाण्याची बाटली दिली. पाणी पिताना त्याच्या पोटरीला काहीतरी टोचलं. त्यानं खाली बघितलं.

धोंड्याभवती गवत होतं. कुसळीचं, हिरवंगार, कमरेला लागणारं. ठोंबाला ठोंब लागून, दोन खाटा मावतील एवढ्या जागेत. त्याच्या पलीकडं चारी बाजूंनी लाल मुरूम, आन मधी हे असं, कुणी तरी नेम धरून पेरल्यासारखं. जेठात तो ह्याच धोंड्यापाशी मूठ फेकून गेल्ता, पण तेव्हा हितं नुसती वाळलेली खुंटं होती न त्याची नजर हातातल्या बियाण्यावर. रामरावानं ठोंबात हात घातला. खालची माती गार होती. माळावर सगळीकडं टिकाव वाजतो, हितं बोट आत गेलं. काळी, भुसभुशीत माती, आन तिच्यात मुळ्यांचं असं जाळं की मूठभर उचलली तर सगळीच उचलून यायची.

हातातली माती त्यानं बोटांनी चुरून बघितली. मंग म्हणाला, "हे कुणी पेरलं?"

"कुणी पेरावं? ह्यो माझा विसावा हाय, दादा. रोज भारा हितं टेकवते."

"मंग बी कुठून आलं?"

दैवशाला हसली. तिनं लुगड्याचा काठ पुढं केला. काठाला ओळीनं कुसळं घुसलेली होती, गेल्या साली वाळलेल्या गवतातली. "हे घेऊन घरी गेलं की वहिनी ओरडती, आंथरुणात होतात म्हणून. मंग हितं बसून काढते एकएक. काढते आन टाकते."

"सतरा वर्षं?"

"सतरा वर्षं."

रामरावानं धोंड्याकडं बघितलं, गवताकडं बघितलं, बहिणीच्या बोटांकडं बघितलं. त्यानं ट्रॅक्टर फिरवून, चाळून, उफणून पोतंभर पेरलं न एक काडी उगवली न्हाई. हिनं बसल्या बसल्या लुगड्यातून काढून टाकलं, तर मुरमाची माती झाली.

"माझं बी काय वाईट होतं का?" तो म्हणाला. "एक नंबर साफ होतं."

दैवशालानं काठातलं एक कुसळ ओढून काढलं. काढता काढता ती थांबली. बाटलीचं बूच उघडून दोन थेंब तळहातावर घेतले आन कुसळ त्यात आडवं ठेवलं. "पावसात भिजत आले ना, की ही लुगड्यात आपोआप सरकतात. टोचत टोचत वर चढतात. मला वाटायचं माझ्या चालण्यानं. पण उभी राह्यले तरी सरकतात. बघ."

आधी काही झालं न्हाई. मंग शेपूट हललं. वारा न्हवता. काळं शेपूट हळूहळू गोल फिरायला लागलं, घड्याळाचा काटा फिरावा तसं, न त्याचा पीळ उलगडत चालला. पुढचं टोक तिच्या तळहाताच्या रेषेत रुतलं न अजून रुतत राह्यलं. ती जराशी "स्स" म्हणाली, पण हात काढला न्हाई.

"ह्यो भोक पाडतो, दादा. पाणी लागलं की पीळ सुटतो, वाळलं की पुन्हा पडतो. सुटता पडता आत आत जातो. ह्याला नांगर न्हाई लागत, तिफण न्हाई लागत. आन तू..." ती थांबली.

"बोल."

"तू त्याचं शेपूटच तोडलंस."

रामरावानं डोक्याची टोपी काढून गुडघ्यावर ठेवली. देवळात ठेवतो तशी.

"मंग तेव्हाच का न्हाई बोललीस?"

"तू समद्या गावाला बी दाखवून आल्तास. आन मला तरी कुठं कळलं होतं? आत्ता तू विचारलंस तेव्हा माझं लुगडं मला सांगून राह्यलं."

दुसऱ्या साली माळ दैवशालाच्या हातात गेला. रामरावानं एकच काम मागून घेतलं, हमाली. कार्तिकात कुसळं पिकली तशी तिनं गावातली जुनी घोंगडी गोळा केली. दोन टोकांना दोन बायका धरायच्या न घोंगडं कड्याच्या गवतातून ओढत न्यायच्या. वर येईपर्यंत त्याला इतकी कुसळं डसायची की घोंगड्याचा रंग दिसायचा न्हाई. मंग ते माळावर आणायचं. पण पुढं काय? बारा एकरावर हे सुटं करून टाकणार कसं? यंत्रातून जात न्हाई, मुठीतून सुटत न्हाई.

दैवशाला म्हणाली, "जसं मी टाकलं तसंच. बसून."

ज्या ज्या घरी शेळी होती तिथं ती गेली. म्हणाली, गवत आलं तर सगळ्यांच्या शेळ्यांचं. मार्गशीर्षात रोज दुपारी वीस-पंचवीस बायका माळावर यायच्या. मांडीवर घोंगडं घ्यायचं, खुरप्यानं पुढ्यात जरासं खरवडायचं, कुसळं उपसायची न तिथं टाकायची. पुढ्यातलं झालं की हातभर सरकायचं, पुन्हा बसायचं. गप्पा चालू, बोटं चालू.

"हळदीकुंकवाला बोलवावं तर कुसळाला बसवलं बाईनं," एक जण म्हणायची.

"वाण म्हणून काटा दिला," दुसरी म्हणायची.

पुष्पाबाई सगळ्यात पुढं. सतरा वर्षं आंथरुणातल्या कुसळांवरून ओरडलेली बाई आता म्हणायची, "ए, शेपूट मोडू नका गं. आमच्या ह्यांनी मोडल्ती."

रामराव घोंगडी वाहत होता. त्याला मागून दिसायचं, सगळा लाल माळ आन त्यावर रंगीत लुगड्यांची एक ओळ, मुंगीच्या पावलानं पुढं सरकणारी. जिथून ओळ उठली तिथं विसावा होऊन राह्यला होता. एका बाईनं सतरा वर्षांत एक विसावा केला, आता पंचवीस बायका दिवसाला शे-दोनशे विसावे करून राह्यल्या होत्या.

जेठ सरता सरता दोन पाऊस होऊन गेले. तिसरा येऊन गेला त्या सकाळी रामराव एकटाच माळावर गेला. तो खाली बसला. दिसंना, म्हणून आडवा झाला. मंग पालथा पडून त्यानं गाल मुरमाला लावला. कुसळं फिरून राह्यली होती. एक न्हाई, दोन न्हाई, नजर जाईल तिथवर. कुठं उभी, कुठं तिरपी, सगळ्यांची काळी शेपटं गोल गोल फिरत, टोकं जमिनीत घुसत. आवाज काही न्हवता. सगळा माळ कामाला लागलेला, आन एक माणूस दिसत न्हवता. रामरावानं कूस बदलून दुसरा गाल मुरमाला लावला. तीस वर्षं पेरणी केली, बी स्वतः रान फोडून आत जातंय हे त्यानं कधी बघितलं न्हवतं.

भागवत मेंढ्या घेऊन चालला होता. त्यानं लांबून मोबाइलवर फोटो काढला न गावच्या ग्रुपवर टाकला, रामराव माळाच्या पाया पडून राह्यले म्हणून. दिवसभर गाव हसलं. रामरावानं खाली लिहिलं, "खरं हाय."

मंग कार्तिक आला न ठरावाचा दिवस आला. साहेबराव कडक इस्त्रीचा पांढरा पायजमा घालून आले, संगं ग्रामसेवक आन निम्मं गाव. रामराव लोखंडी टोपलं न टिकाव घेऊन आल्ता. दिलेला शब्द त्यानं खांद्यावरच आणला होता.

माळ काही सगळा झाकला न्हवता, खोटं कशाला बोला. ठोंब लहान, मुठीएवढे, कुठं गुडघ्याला लागणारे. खालच्या अंगाला चांगले दाट. मधी पट्टेच्या पट्टे तसेच लाल. दैवशाला काठाला उभी होती, पदर घट्ट धरून. ह्या पट्ट्यांचं काय होणार हे तिला बी म्हाईत न्हवतं.

साहेबराव वरपासून खालपर्यंत फिरले. आडवे फिरले, उभे फिरले. मंग एका लाल पट्ट्यात येऊन थांबले. "ठरावात पुरा माळ लिवलंय, रामराव. हितं काय हाय? हितं मुरूमच हाय. भरा टोपलं."

रामरावानं बहिणीकडं बघितलं. तिनं मान खाली घातली. त्यानं टिकाव उचलला.

तेवढ्यात साहेबराव वाकले. त्यांनी पोटरी चोळली. मंग दुसरी चोळली. पायजमा गुडघ्यापर्यंत काळा झाला होता. कुसळं अशी बसली होती की पांढरं कापड शोधावं लागावं. एक पाऊल टाकलं की दहा जागी टोचायचं. "आयला," ते म्हणाले, आन माणूस जे करतो तेच त्यांनी केलं. होते तिथंच, त्या लाल पट्ट्यात, बूड टेकून बसले न एकएक कुसळ उपसून बाजूला टाकायला लागले.

बायका एकमेकींकडं बघून राह्यल्या. पुष्पाबाईनं तोंडाला पदर लावला.

दैवशाला पुढं आली. जवळ येऊन, वाकून, पाहुण्याला पाट द्यावा तशा आवाजात म्हणाली, "बसा सरपंच, बसा निवांत. हितलंच जरा कमी राह्यलं होतं."

साहेबरावांचा हात थांबला. त्यांनी हातातलं कुसळ बघितलं, बाजूला टाकलेली पन्नास-साठ बघितली, मंग सगळा माळ बघितला, जिथून ती त्यांनी पायावर वाहून आणली होती. ज्या माळावर एक काडी न्हवती, त्यानं त्यांचा पायजमा भरला होता. ते हसले न्हाईत. मंग ग्रामसेवकाला म्हणाले, "लिहा. माळ खोदायचा न्हाई. गवत बाईच्या देखरेखीत."

"टोपल्याचं काय लिहू?" ग्रामसेवकानं विचारलं.

"टोपलं त्यांचं त्यांना द्या." आन पुन्हा पायजम्याकडं वाकून म्हणाले, "बाई, शेपटासकट टाकायचं ना?"

"शेपटासकटच," दैवशाला म्हणाली.

टिकाव रामरावाच्या हातात तसाच होता. भर गावापुढं बोलायची अशी संधी त्याला जन्मात आल्ती का? सगळे त्याच्या तोंडाकडं बघत होते, आता हा काय सांगतो म्हणून. त्यानं टिकाव खाली ठेवला, टोपलं पालथं करून बहिणीपुढं सरकवलं न म्हणाला, "बस बाई."

अठरा वर्षांनी ती बसली. बसली न लुगड्याचा काठ मांडीवर घेऊन कुसळं काढायला लागली.